टीव्हीवरचा डॉग शो: कॅमेऱ्याला दिसतं ते आणि जजच्या हाताला कळतं ते

अमेरिकेत १९९१ पासून २०२१ पर्यंत, म्हणजे सलग ३१ वर्षं, सगळ्यात जास्त नोंदणी होणारा कुत्रा होता लॅब्रॅडॉर. गोल्डन रिट्रीव्हरही लोकांचा तितकाच लाडका. पण न्यूयॉर्कच्या वेस्टमिन्स्टर डॉग शोमध्ये या दोन्ही जातींच्या एकाही कुत्र्याला २०२५ पर्यंत ‘बेस्ट इन शो’, म्हणजे अख्ख्या शोमधला सर्वोत्तम कुत्रा हा किताब, मिळालेलं नाही. आणि वायर फॉक्स टेरियर, जो फार थोड्या घरांत दिसतो, त्याने २०१९ पर्यंत हा किताब १५ वेळा नेला.

टीव्हीसमोर बसलेल्या माणसाला हे बघून वैताग येतो. टाळ्यांचा कडकडाट एका कुत्र्याला आणि जजचं बोट भलत्याकडेच. मग ‘यात नक्की वशिला असणार’ असं म्हणून चॅनेल बदललं जातं. वशिल्याचं पुढे बघू, तो मुद्दा अगदीच हवेतला नाही. पण आधी ही स्पर्धा कशाची आहे ते कळायला हवं, कारण टीव्हीवर जे दिसतं त्यातून ते कळत नाही.

कागदावरचा कुत्रा

पहिला गैरसमज हा की रिंगमध्ये उभी असलेली कुत्री एकमेकांशी स्पर्धा करतात. प्रत्येक ब्रीडचं एक लेखी वर्णन असतं. त्याला ब्रीड स्टँडर्ड म्हणतात. उंची किती, डोकं कसं, डोळ्यांचा आकार, कान कुठे बसलेले, छाती किती खोल, शेपूट कशी धरलेली, केस कसे, चाल कशी, स्वभाव कसा, सगळं त्यात असतं. जज समोरच्या कुत्र्याची तुलना त्या कागदाशी करतो. ग्रेट डेन आणि चिवावा एकाच रांगेत उभे असतात तेव्हा ‘यातला चांगला कोणता’ हा प्रश्न नसतोच. एकाने गणिताचा पेपर दिलाय, दुसऱ्याने इतिहासाचा; आपापल्या पेपरात जास्त गुण कुणाला, एवढंच बघायचं.

काही अटी अगदी मोजूनमापून लिहिलेल्या असतात. अमेरिकन स्टँडर्डप्रमाणे बीगल १५ इंचांपेक्षा उंच असला की बाद, मग तो कितीही देखणा असो. शेटलंड शीपडॉग १३ ते १६ इंचांतच बसला पाहिजे. डॉबरमनचे चार किंवा जास्त दात कमी असतील तर थेट बाहेर. पण बहुतेक अटी अशा काटेकोर नसतात. ‘मध्यम’, ‘प्रमाणबद्ध’, ‘पुरेशी खोल’ असे शब्द असतात, आणि त्यांचा अर्थ जज लावतो. सगळी गंमत आणि सगळी भानगड याच शब्दांत आहे.

हे वर्णन लिहितं कोण? अमेरिकेत त्या-त्या ब्रीडचा राष्ट्रीय क्लब ते लिहितो आणि अमेरिकन केनेल क्लब, म्हणजे कुत्र्यांची नोंदणी ठेवणारी संस्था, त्याला मान्यता देते. ब्रिटनमध्ये स्टँडर्ड तिथल्या केनेल क्लबच्या हातात असतात. ब्रिटनचा क्लब १८७३ चा, अमेरिकेचा १८८४ चा. बहुतेक स्टँडर्डच्या मुळाशी कुत्र्याचं जुनं काम असतं. डॅक्सहुंडचे पाय आखूड का? तर तो बिळात शिरून बिज्जूच्या मागे लागायचा. पूडलच्या कमरेवर आणि पायांवर ते केसांचे गोळे का? तर तो पाण्यातून शिकार आणून देणारा कुत्रा होता. पोहायला सोपं जावं म्हणून बाकीचे केस कापायचे आणि सांधे व छाती ऊबदार राहावी म्हणून तिथले ठेवायचे, असं त्यामागचं कारण सांगितलं जातं. आज त्या गोळ्यांना दोन-दोन तास हेअरड्रायर लावून फुलवतात. मूळ कामाशी त्याचा फारसा संबंध उरलेला नाही हे मान्य केलेलं बरं.

दोन हातांची मिठी

आता बॉर्डर टेरियर घेऊ, कारण त्यावरून जज काय करतो ते सगळ्यात चांगलं कळतं.

हा छोटा, तपकिरी, काहीसा गबाळा दिसणारा कुत्रा. टीव्हीवर तो आला की बहुतेकांचं लक्ष मोबाईलकडे जातं. टेबलावर त्याला उभं केलं की जज आधी समोरून डोकं बघतो, ओठ वर करून दात बघतो, मानेवरून खांद्यापर्यंत हात फिरवतो. मग एक वेगळीच गोष्ट करतो. पुढच्या पायांच्या मागे, छातीभोवती, दोन्ही हातांची पकड घालतो. बोटं बोटांना भिडतात का, हे बघायचं असतं. स्टँडर्डमध्ये तसं लिहिलेलंच आहे, की खांद्यामागे माणसाच्या दोन हातांत मावेल एवढीच छाती हवी. कारण? हा कुत्रा कोल्ह्याच्या मागे बिळात जायचा. छाती रुंद असेल तर तो आत अडकेल. पार्सन रसेल टेरियरच्या बाबतीतही हीच तपासणी होते.

ती पकड जेमतेम दोन-तीन सेकंदांची. कॅमेरा बहुतेक वेळा तोवर हँडलरच्या, म्हणजे कुत्र्याला रिंगमध्ये चालवणाऱ्या माणसाच्या, चेहऱ्यावर गेलेला असतो. पण जजचा अर्धा निर्णय त्या पकडीत झालेला असू शकतो. टीव्हीवर दोन बॉर्डर टेरियर सारखेच दिसतात. हाताला त्यातला एक मावतो आणि दुसरा मावत नाही.

इतर ब्रीडचंही थोड्याफार फरकाने असंच. केसाळ कुत्र्याच्या बाबतीत तर हातावरच सगळी भिस्त. पूडल किंवा ओल्ड इंग्लिश शीपडॉगचे केस इतके कुशल हातांनी विंचरलेले असतात की वाकडी पाठ सरळ दिसते, आखूड मान लांब दिसते. जज बोटं केसांत खोलवर घालतो तेव्हा फुगवलेल्या भागाखाली हाड कुठे आहे ते त्याला सापडतं. खांद्याच्या हाडाचा कोन, बरगड्यांची गोलाई, कमरेची लांबी, मांडीचे स्नायू, सगळं चाचपून. नर असेल तर दोन्ही वृषणं जागेवर आहेत का, हेही तपासतो. प्रेक्षकांना हसू येतं, पण त्यामागे साधं कारण आहे: या शोचा मूळ हेतू पुढची पिल्लं कुणापासून घ्यावीत हे ठरवणं. म्हणूनच अमेरिकेत नसबंदी केलेला कुत्रा या स्पर्धेत उतरूच शकत नाही.

हे सगळं करायला वेळ किती? अमेरिकेत जज तासाला साधारण २५ कुत्री बघतो असं धरतात. म्हणजे एका कुत्र्याला जेमतेम अडीच मिनिटं, त्यातच चालही बघायची.

चाल

उभा कुत्रा फसवू शकतो, चालता कुत्रा फारसा फसवत नाही. हँडलर त्याचे पाय नेमके ठेवून उभा करतो, याला स्टॅक करणं म्हणतात. तेवढ्याने बरंच काही झाकता येतं. म्हणून जज त्याला पळवतो. आधी सरळ दूर जाऊन परत यायचं, किंवा त्रिकोणात फिरायचं, आणि शेवटी रिंगभोवती गोल.

दूर जाताना जजला मागचे पाय दिसतात. ते आतल्या बाजूला वळतात का, एकमेकांना घासतात का, हे तेव्हा कळतं. परत येताना पुढचे पाय आणि खांदे दिसतात, कोपर बाहेर फेकला जातो का ते दिसतं. बाजूने बघताना पुढचा पाय किती पुढे पोचतो आणि मागचा पाय किती जोराने ढकलतो हे दिसतं. पाठ या सगळ्यात शक्यतो हलू नये. खांद्याचा कोन चुकलेला कुत्रा बाजूने पळताना पुढचे पाय उगाच उंच उचलतो. नवख्याला ते डौलदार वाटतं, जाणकाराला तो दोष दिसतो. टीव्हीवरच्या टाळ्या आणि जजचं मत यांची फारकत होण्याचं हे एक नेहमीचं ठिकाण.

आणि प्रत्येक ब्रीडची चाल वेगळी. जर्मन शेफर्डने लांब टांगा टाकत तरंगल्यासारखं पळावं. पेकिनीजने मात्र सावकाश, ऐटीत, किंचित डुलत चालावं, तसं स्टँडर्डमध्येच आहे. त्यामुळे पेकिनीज रिंगभर धावला नाही म्हणून लोक हसतात तेव्हा तो खरं तर पुस्तकातलं उत्तर देत असतो.

हँडलरकडेही जरा लक्ष द्या. कुत्रा त्याच्या डाव्या हाताला, म्हणजे कुत्रा आणि जज यांच्यामध्ये हँडलर कधीच येत नाही. खिशात उकडलेल्या काळजाचे तुकडे, ते दाखवून कान टवकारून घ्यायचे. डाव्या दंडावर नंबर. कपड्यांचा रंग कुत्र्याच्या रंगात मिसळणार नाही असा, कारण काळ्या कुत्र्यामागे काळी पँट असेल तर कुत्र्याची रेषाच दिसत नाही. बुटांचे तळवे न घसरणारे. पट्टा शक्यतो सैल, कारण मान वर खेचलेला कुत्रा मोकळा चालत नाही. उत्तम हँडलर तोच जो आपल्याला आठवतच नाही.

सातपर्यंतचा रस्ता

रात्री टीव्हीवर दिसतात त्या सात गटांच्या फेऱ्या आणि शेवटची सात कुत्री. पण तोवर खाली केवढी गाळणी झालेली असते ते बघा.

अमेरिकेत शो कुत्र्याला चॅम्पियन व्हायला १५ गुण लागतात. एका शोमध्ये जास्तीत जास्त पाच गुण मिळतात, आणि किती मिळतील हे त्याने किती कुत्री हरवली यावर ठरतं. शिवाय निदान दोन विजय ‘मेजर’ हवेत, म्हणजे तीन ते पाच गुणांचे, आणि तेही वेगवेगळ्या जजकडून. छोट्या शोमध्ये तीन-चार कुत्र्यांना हरवून कुणी चॅम्पियन होऊ नये म्हणून ही तरतूद. ब्रिटनची पद्धत वेगळी आणि जास्त कडक मानली जाते. तिथे तीन वेगवेगळ्या जजकडून तीन चॅलेंज सर्टिफिकेट मिळवायची, आणि त्यातलं निदान एक कुत्रा वर्षाचा झाल्यावर. या हिरव्या कार्डांना तिथले लोक सरळ ‘तिकीट’ म्हणतात. ‘तिला दोन तिकिटं मिळालीत, तिसऱ्यासाठी वर्षभर हिंडतोय’ अशी वाक्यं त्या वर्तुळात सर्रास ऐकू येतात.

रिबिनींच्या रंगांवर मात्र जाऊ नका. अमेरिकेत पहिल्या नंबरला निळी आणि दुसऱ्याला लाल. ब्रिटनमध्ये नेमकं उलट.

शोच्या दिवशी आधी एकाच ब्रीडची कुत्री एकमेकांसमोर. त्यातून एक ‘बेस्ट ऑफ ब्रीड’. ते विजेते आपापल्या गटात जातात. अमेरिकेत सात गट: स्पोर्टिंग, हाउंड, वर्किंग, टेरियर, टॉय, नॉन-स्पोर्टिंग आणि हर्डिंग. ब्रिटनमध्येही सातच, नावं थोडी वेगळी. गटाचे सात विजेते शेवटच्या फेरीत. एकदा हरलं की घरी, परत संधी नाही. वेस्टमिन्स्टरमध्ये साधारण २,५०० कुत्र्यांनाच प्रवेश असतो, त्यातही प्रत्येक ब्रीडच्या आघाडीच्या पाच कुत्र्यांना आमंत्रण जातं. ब्रिटनचा क्रफ्ट्स त्याहून कितीतरी मोठा, मार्चमध्ये चार दिवस चालणारा, २० हजारांच्या घरात कुत्री. तिथे पोचायला आधी वर्षभरात ठरावीक शोंमध्ये पात्र व्हावं लागतं.

म्हणजे टीव्हीवरच्या गटफेरीत शेवटून पहिला आलेला कुत्रासुद्धा त्या दिवशी आपल्या ब्रीडचा राजा ठरून आलेला असतो. त्याला ‘हा का आणलाय’ म्हणणं जरा अन्यायाचंच.

कॅमेरा आला तेव्हा

डॉग शो टीव्हीपेक्षा खूप जुने. १८५९ मध्ये इंग्लंडमधल्या न्यूकॅसलला पॉइंटर आणि सेटर या शिकारी कुत्र्यांचा शो झाला, तो या परंपरेची सुरुवात धरतात. बक्षीस होतं बंदुका. वेस्टमिन्स्टर १८७७ मध्ये सुरू झाला, १,२०१ कुत्री आली होती. शिकारीची आवड असलेली काही मंडळी ज्या हॉटेलच्या बारमध्ये बसून आपापल्या कुत्र्यांच्या बढाया मारायची, त्या हॉटेलचं नाव क्लबला पडलं. चार्ल्स क्रफ्ट हा माणूस तर कुत्र्यांची बिस्किटं विकणाऱ्या कंपनीत कामाला होता. १८९१ मध्ये त्याने स्वतःच्या नावाचा शो लंडनमध्ये भरवला. धंदा या खेळात पहिल्या दिवसापासून आहे, तो टीव्हीने आणलेला नाही.

वेस्टमिन्स्टर टीव्हीवर १९४८ मध्ये पहिल्यांदा दिसला, क्रफ्ट्स १९५० मध्ये बीबीसीवर. अमेरिकेतल्या ‘नॅशनल डॉग शो’ची तऱ्हा आणखी मजेदार. फिलाडेल्फियाच्या क्लबचा हा शो २००२ पासून एनबीसीवर थँक्सगिव्हिंगच्या दिवशी, न्यूयॉर्कची परेड संपल्या-संपल्या दाखवतात. पण शो झालेला असतो काही दिवस आधीच. निकाल माहीत असलेली माणसं गप्प बसतात आणि कोट्यवधी लोक श्वास रोखून बघतात.

टीव्हीमुळे स्पर्धकासाठी काय बदलतं? कुत्र्याच्या शरीरात काही नाही, पण त्याच्या मनावर ताण प्रचंड. सकाळी ब्रीडची फेरी होते तेव्हा रिंगभोवती ओळखीचे ब्रीडर, शांतता. रात्री तेच कुत्रं हजारो माणसांच्या गोंगाटात, झगझगीत दिव्यांखाली, नव्या कोऱ्या गालिच्यावर, तोंडासमोर फिरणाऱ्या कॅमेऱ्यासमोर उभं असतं. शेपूट खाली गेली की संपलं, कारण शेपूट आणि स्वभाव हेही स्टँडर्डमध्ये आहेत. म्हणून अनुभवी मंडळी पिल्लू लहान असल्यापासून त्याला टाळ्यांचं रेकॉर्डिंग ऐकवतात, वेगवेगळ्या जमिनींवर चालवतात, अनोळखी माणसांकडून दात बघून घेतात.

काही कुत्री मात्र गर्दीवरच पोसली जातात. २००८ मध्ये युनो नावाचा बीगल वेस्टमिन्स्टर जिंकला, हा मान मिळवणारा पहिला बीगल. तो रिंगमध्ये चक्क आवाज काढायचा, आणि प्रेक्षक उभे राहून टाळ्या वाजवायचे. टेरियर एवढे का जिंकतात याचं माझ्या मते हेही एक कारण आहे. वायर फॉक्स टेरियर मुळातच ताठ, सतत सावध, जणू ‘बघा माझ्याकडे’ म्हणणारा. त्यात त्याचे केस कात्रीने कापत नाहीत. मेलेला प्रत्येक केस बोटांनी उपटून काढतात, म्हणजे नवा केस राठ येतो आणि अंगाची रेषा सुरीने कोरल्यासारखी दिसते. महिनोन्महिने चालणारं हे काम. लॅब्रॅडॉरला तुम्ही काय करणार? आंघोळ. शिवाय त्याचा स्वभाव सगळ्यांशी गोड आणि आरामशीर. घरात तो गुण, शेवटच्या सातांत तो थोडा कमी पडतो.

एक गोष्ट टीव्हीवाले नीट सांगत नाहीत: वेस्टमिन्स्टरचा शेवटचा जज त्या आधीच्या फेऱ्यांपासून पूर्ण लांब ठेवलेला असतो. कोणती सात कुत्री येणार हे त्याला रिंगमध्ये आल्यावरच कळतं. त्याने निर्णय आधी पुस्तकात लिहायचा, सही करायची, आणि मगच नाव घ्यायचं. तेव्हा टाळ्या ऐकून त्याने आयत्या वेळी मत बदललं, ही शंका बाजूला ठेवायला हरकत नाही.

पैसा आणि तो वशिल्याचा मुद्दा

वेस्टमिन्स्टरच्या बेस्ट इन शोला रोख बक्षीस नाही. शून्य. क्रफ्ट्समध्ये आहे, पण शे-दोनशे पौंडांच्या पातळीवरचं. खर्च मात्र डोळे पांढरे करणारा. अमेरिकेत आघाडीचा कुत्रा वर्षभर जवळजवळ दर शनिवार-रविवार कुठल्या ना कुठल्या शोला असतो. हँडलरची फी, गाडी, हॉटेल, ग्रूमिंग, आणि कुत्र्यांच्या मासिकांतल्या रंगीत जाहिराती. एका वर्षाची अशी मोहीम एक लाख डॉलरच्या पुढे सहज जाते. म्हणून मोठ्या कुत्र्यांच्या मागे दोन-तीन सहमालक असतात, त्यातला एखादा फक्त पैसा पुरवणारा. ब्रीडरला पिल्लांतून आणि नराच्या जोडणी-फीतून थोडं मिळतं, पण गुंतवणूक म्हणून कुणी यात पडू नये.

त्या मासिकांतल्या जाहिराती कुणासाठी? जजसाठी. हे उघड गुपित आहे. आणि रिंगमध्ये कुत्र्याबरोबर कोण धावतंय हे जजला दिसतंच. वीस वर्षं समोर येणारा नामवंत हँडलर असेल तर त्याच्या हातातल्या कुत्र्याकडे दुसऱ्यांदा बघितलं जातं. स्पर्धकांची ही जुनी तक्रार, आणि मला ती खोटी वाटत नाही. फक्त ती जेवढी सरसकट केली जाते तेवढी खरी नाही. नामवंत हँडलर आधीच चांगलाच कुत्रा निवडतो, तो जास्त चांगला तयार करतो, आणि त्याचा एखादा दोष जजच्या नजरेला पडणार नाही असा चालवतो. यातलं कौशल्य कुठे संपतं आणि ओळख कुठे सुरू होते हे कुणी मोजून सांगू शकणार नाही.

शब्द ताणले जातात तेव्हा

खरा दुखरा भाग हा आहे. स्टँडर्डमध्ये ‘चेहरा आखूड’ असं लिहिलेलं असतं. एक जज थोडा जास्त आखूड चेहरा पसंत करतो. तो कुत्रा जिंकतो, त्याचीच पिल्लं सगळ्यांना हवी असतात. पुढच्या पिढीत चेहरा आणखी आखूड. कागदावरचा शब्द तोच, पण कुत्रा पन्नास वर्षांत ओळखू न येण्याइतका बदलतो. बुलडॉग, पेकिनीज, पग यांना श्वास घ्यायला त्रास होतो तो यातून. बॅसेट हाउंडची लोंबणारी त्वचा, जर्मन शेफर्डची उतरती पाठ, हीसुद्धा त्याच वाटेने आलेली.

२००८ मध्ये बीबीसीने याच विषयावर एक माहितीपट दाखवला आणि ब्रिटनमध्ये गदारोळ उठला. बीबीसीने २००९ पासून क्रफ्ट्स दाखवणं बंद केलं; पुढच्या वर्षी ते चॅनेल ४ च्या समूहाकडे गेलं. केनेल क्लबने स्टँडर्डची भाषा बदलली, अतिरेक टाळा अशी सूचना त्यात आली. २०१२ मध्ये पुढचं पाऊल: १५ ब्रीड निवडून त्यांच्या बेस्ट ऑफ ब्रीडची पशुवैद्याकडून वेगळी तपासणी, आणि नापास झाला तर गटफेरीत प्रवेश नाही. पहिल्याच वर्षी सहा विजेते नापास झाले, त्यात बुलडॉग आणि पेकिनीजही होते. जजने ज्यांना सर्वोत्तम ठरवलं त्यांना काही वेळातच डॉक्टरने अडवलं. मालक संतापले, काही जजही. २०१६ मध्ये पुन्हा क्रफ्ट्सच्याच एका जर्मन शेफर्ड मादीची वाकलेली पाठ टीव्हीवर दिसली आणि वाद पेटला.

जाणकारांना हाताने जे कळतं ते प्रेक्षकाला दिसत नाही हे मी वर सांगितलं. पण याच्या उलटही घडतं. रोज तीच कुत्री बघणाऱ्याची नजर हळूहळू सरकते, काय नैसर्गिक आणि काय अती हे त्याला जाणवेनासं होतं. सोफ्यावर बसलेल्या अडाणी माणसाला ते पहिल्या झटक्यात दिसतं: ‘अरे, हा धापा का टाकतोय?’ या एका बाबतीत कॅमेऱ्याने हातांपेक्षा जास्त काम केलं.

उतरायचं असेल तर

अमेरिकेत शोच्या नियमित स्पर्धा-वर्गांसाठी कुत्रा निदान सहा महिन्यांचा हवा, नोंदणी केलेला हवा, नसबंदी झालेली नको. त्याआधी ब्रीडर शोधण्यात वर्ष गेलं तरी चालेल. शोसाठी पिल्लू हवंय म्हटल्यावर चांगला ब्रीडर तुमचीच उलटतपासणी घेतो. हँडलिंगचे वर्ग असतात, तिथे कुत्र्यापेक्षा माणसालाच जास्त शिकवावं लागतं. नऊ वर्षांपासून १८ च्या आतल्या मुलांसाठी ज्युनियर शोमनशिप आहे, त्यात कुत्र्याची नाही, मुलाच्या चालवण्याची पारख होते.

कुत्रा कुठल्याच ब्रीडचा नसेल तरी दार अगदीच बंद नाही. वेस्टमिन्स्टरमध्ये २०१४ पासून अ‍ॅजिलिटीची स्पर्धा असते: अडथळे, बोगदे, झुलती फळी, घड्याळ. तिथे दिसणं बाजूला, वेळ आणि चुका मोजतात. २०२४ मध्ये निंबल नावाची संकरित कुत्री ती जिंकली, संकरित कुत्र्याने जिंकण्याची ती पहिलीच वेळ. वयाचंही ओझं घेऊ नका. २००९ चा वेस्टमिन्स्टर विजेता स्टंप हा ससेक्स स्पॅनियल दहा वर्षांचा होता, निवृत्तीतून परत आणलेला.

आणि नुसतं बघायचंच असेल तर रात्रीच्या झगमगाटापेक्षा दिवसाच्या ब्रीड फेऱ्या बघा, त्या ऑनलाइन दिसतात. समालोचनाचा आवाज बंद करा. एकाच ब्रीडची वीस कुत्री एकामागून एक पळताना सुरुवातीला सगळी सारखीच वाटतात. सहाव्या-सातव्या कुत्र्यापाशी एखाद्याचा पुढचा पाय इतरांपेक्षा जास्त पुढे पडतोय हे दिसायला लागतं, आणि मग जज कुणाकडे दुसऱ्यांदा वळून बघतो याचा अंदाज बांधता येतो.